आज आम्ही धावत नाही

आमच्या घरात तोंडी काही चालत नाही. माझी तीस वर्षं फौजेत गेली, तीही सॅपर म्हणून पूल बांधण्यात, त्यामुळे कागदाशिवाय मला चैन पडत नाही. पोरं लहान असताना जत्रेला जायचं असो की शाळेला दांडी मारायची असो, अर्ज द्यावा लागायचा. 'मा. आबा यांस, विनंती अर्ज.' मी रजेवर आलो की शालन, म्हणजे माझी बायको, चहाबरोबर अर्जांचा गठ्ठाच पुढ्यात ठेवायची आणि मी लाल शाईनं मंजूर-नामंजूर लिहीत बसायचो. थोरली वैजयंती असा अर्ज लिहायची की खोट काढायची सोय नसायची. धाकटा इंद्रजित आधी करायचं ते करून मोकळा व्हायचा. आंब्यावरून पडून त्याचा हात मोडला, तेव्हा 'आंब्यावर चढण्यास परवानगी मिळावी' हा अर्ज बहिणीनं त्याच्या वतीनं मागाहून लिहिला आणि वर तारीख आदल्या दिवसाची टाकली. मी तो नामंजूर केला. ट्रंकेत अजून जपून ठेवलाय.

पुढं वैजू आमच्याच तालुक्याची तहसीलदार झाली आणि इंद्या सॅपर्समध्ये मेजर. एका घरात दोन सरकारं नांदायला लागली. त्या दोघांचं नातं समजायचं तर एक नियम ठाऊक हवा. पूर येवो, दरड कोसळो, दंगल होवो, फौज आपल्या मर्जीनं गावात शिरत नाही. मुलकी अधिकाऱ्यानं लेखी मागणी करायची, मग फौज येते, सांगितलेलं काम करते, आणि काम संपलं असं त्यानं लिहून दिलं की परत जाते. लोकांना घराबाहेर काढायचा हुकूमही त्या अधिकाऱ्याचाच. सैनिक फक्त हात लावतो. मी नोकरीत असताना हा कागद जिल्ह्याला जायचा, तिथून वर जायचा, आणि खाली येईपर्यंत कितीदा तरी पाणी ओसरलेलं असायचं.

दोन हजार चौतीस साली भूकर्ण आलं आणि हे बदललं.

भूकर्ण म्हणजे काही नवं यंत्र आणून डोंगरावर बसवलेलं नव्हतं. रस्त्याकडेला इंटरनेटची जी काचेची तार आधीच पुरलेली होती, तिचाच कान केला होता. वैजूनं मला ते स्वयंपाकघरात बसून समजावलं. तारेच्या एका टोकातून सेकंदाला हजार वेळा उजेडाचा ठिपका आत सोडायचा. काच कितीही चांगली असली तरी तिच्यात बारीक दोष असतातच, त्यांच्यावर आपटून उजेडाचा किंचित अंश माघारी येतो. किती वेळानं आला यावरून तो कुठून आला ते कळतं. तिथली जमीन केसाच्या हजाराव्या भागाइतकी जरी ताणली गेली, तरी माघारी येणारा उजेड बदलतो. म्हणजे दर पाच मीटरवर एक कान. आमच्या हुंबरवाडीच्या तीन किलोमीटरांच्या रस्त्याला असे सहाशे कान फुटले होते.

डोंगर काही एकदम कोसळत नाही. आधी तासभर, कधी दिवसभर, तो आतल्या आत कुरकुरतो. माणसाला ते ऐकू येत नाही, तारेला येतं. पण कुरकुर कोणती आणि उसाचा ट्रॅक्टर कोणता, हे यंत्राला शिकवावं लागतं. धोका वाटला की ते सगळ्यांच्या फोनवर लाल खूण दाखवायचं, नाहीतर हिरवी. लाल झाली की धोक्याचा दाखला तहसीलदाराच्या टेबलावर. दाखला हातात असेल तर नुसत्या सहीनं फौज निघायची. दाखला नसेल तर तहसीलदारानं स्वतःच्या हातानं कारण लिहायचं आणि पुढचं सगळं आपल्या डोक्यावर घ्यायचं.

आता माझ्याकडं वळतो, कारण घोळ मी घातला.

हुंबरवाडीत घर तिथं फौजी. निवृत्त झाल्यापासून मी भरतीची तयारी करणाऱ्या पोरापोरींना पहाटे पळवतो. त्या वर्षी एकतीस होते, त्यात अकरा मुली. इतर गावांत पोरं आपापल्या दमानं पळतात. माझ्याकडं सगळी एका पावलात पळायची. एकतीस डावे पाय एकदम, एकतीस उजवे पाय एकदम. लांबून ऐकताना छाती भरून यायची. भूकर्णाचीही भरून आली असावी, कारण मे महिन्यात त्यानं तीनदा लाल खूण दाखवली. बायाबापड्या कुकर चुलीवर टाकून शाळेच्या पटांगणात धावल्या. तिसऱ्या वेळी तर फौजेची तुकडी दोऱ्या आणि स्ट्रेचर घेऊन आली आणि तिला रस्त्यावर माझी घामाघूम पलटण भेटली. वैजूला वरून नोटीस आली. पुन्हा निराधार मागणी झाली तर शिस्तभंगाची कारवाई होईल, असं तिच्यात स्वच्छ लिहिलं होतं.

ती रविवारी घरी आली. आबा, पाऊल मोडा, म्हणाली. पोरांना मोकळं पळू द्या, म्हणजे यंत्र फसणार नाही. पुलावरनं जाताना फौज पाऊल मोडते, नाहीतर एका ठेक्यानं पूल डोलायला लागतो, हे तुम्हीच मला शिकवलंत ना?

मी म्हणालो, हा पूल नव्हे, रस्ता आहे. सुंभ जळला तरी पीळ जात नाही, असं शालन माझ्याबद्दल म्हणते ते उगाच नाही. उलट मीच पोरीच्या मागं लागलो की यंत्राला तेवढा सव्वा तास कान झाकायला सांग. ती नको म्हणाली. मी रुसलो, दोन वेळा जेवलो नाही. शेवटी ती हसली आणि म्हणाली, "बरं. लेखी द्या."

मी अर्ज लिहिला. तिनं त्यावर लाल शाईनं 'मंजूर' लिहिलं. पहाटे पाच ते सव्वासहा, आमच्या रस्त्यावर जो काही ठेका ऐकू येईल तो ओळखीचा, त्याचं नाव धावपथक, त्याची खूण हिरवी. आयुष्यात पहिल्यांदा माझा अर्ज माझ्या लेकीनं मंजूर केला, म्हणून मी तो कागद दोन दिवस गावभर दाखवत फिरलो.

ऑगस्टच्या तिसऱ्या आठवड्यात पावसानं सलग चार दिवस उसंत घेतली नाही. नदीकाठच्या गावांसाठी पुण्याहून सॅपर्सची एक तुकडी आधीच तालुक्याला आणून ठेवली होती, बाजार समितीच्या शेडमध्ये. तिचा मेजर आमचा इंद्या. फौज असं नातंगोतं बघून पाठवत नाही, तो आपला योग. शालननं लगेच धपाटे करून पाठवायचं काढलं, आणि इंद्यानं निरोप दिला की चाळीस जणांना पुरतील एवढे असतील तरच पाठव. तिनं पाठवले.

बुधवारी मी पोरांना सुट्टी दिली होती, रस्त्यावर घोटाभर चिखल होता म्हणून. तरी सवयीनं पाचला उठलो आणि छत्री घेऊन ग्रामपंचायतीपर्यंत गेलो. भिंतीवर भूकर्णाचा फलक आहे. तो हिरवा होता. खाली अक्षरं होती: 'धावपथक सुरू. किलोमीटर तीन.'

मला आधी हसू आलं. म्हटलं, यंत्रालाही सवय लागली म्हणायची. मग मी रस्त्याकडं बघितलं. पाऊस, चिखल आणि मी, तिसरं कुणी नाही. मी वाकून तळहात डांबरावर टेकवला. काही लागलं नाही. पुन्हा फलकाकडं बघितलं. धावपथक सुरूच होतं. तिसरा किलोमीटर म्हणजे वरली वाडी, अडतीस घरं, पाठीशी सगळा भैरीचा डोंगर.

पोरं घरात झोपलेली होती. मग धावत कोण होतं?

पाच वाजून बारा मिनिटांनी मी वैजूला फोन लावला. "वैजू, आज आम्ही पळत न्हाई," एवढंच म्हणालो.

माझ्यापेक्षा आधी तिला कळलं. "रस्त्यावर एकसुद्धा माणूस नाही?"

"मी एकटा. आणि मी हुबा हाय."

तिनं मला फोन चालू ठेवायला सांगून दुसऱ्या फोनवरून यंत्राच्या केंद्रावर विचारलं. झाकलेला कान उघडायचा, मागचं सगळं पुन्हा ऐकवायचं आणि दाखला काढायचा, तर तास लागणार होता. तोवर सव्वासहाला तो आपोआप उघडणारच होता. म्हणजे ती नुसती थांबली असती तरी दाखला तिच्या हातात पडला असता आणि तिला कुणी बोल लावला नसता. आत्ता लिहायचं तर दाखल्याशिवाय लिहायचं, आणि कारण म्हणून स्वतःचीच चूक लिहायची. डोंगर जागेवर राहिला तर नोकरी गेली. खाली आला तरी कान कुणी झाकला हे कागदावर राहणारच होतं.

मी म्हणालो, असं लिही की सुभेदार तोडकरांनी डोंगराला भेग बघितली. मी सही देतो. हवं तर आत्ता वर जाऊन बघून आलो असं सांगतो.

"तुम्ही बघितलीय?"

"न्हाई."

"आबा, भेग कुठं बघितली म्हणून लिहू? इंद्या तिथंच जाईल. यंत्राला ऐकू येतंय, फक्त आपण त्याला नाव चुकीचं शिकवलंय. ते जी जागा सांगतंय तीच त्याला कळली पाहिजे, आणि त्यासाठी खरं काय ते लिहावं लागेल." मग म्हणाली, "मागची तारीख घालून अर्ज लिहायचे दिवस गेले. तुम्ही पोरांना उठवा."

माझ्या लेकीचा मला तेव्हा इतका अभिमान वाटला, आणि स्वतःची इतकी लाज वाटली, की दोन्ही एकदम छातीत मावेनात. मी गळ्यातली शिटी फुंकली.

पुढचं इंद्यानं मला नंतर सांगितलं. आक्काचा फोन येताच त्यानं माणसं ट्रकांत बसवली, इंजिनं चालू केली. चाकं मात्र हलू दिली नाहीत. पाच वाजून एकोणीस मिनिटांनी ती जीपमधून उतरली, केस तसेच, एका पायात चप्पल आणि एका पायात बूट. त्यानं हात पुढं केला आणि म्हणाला, "आक्का, लिहून दे."

लहानपणी ज्याच्या वतीनं हिनं सगळे अर्ज लिहिले, तोच आता कागद मागत होता. ती त्याला म्हणाली, मी तोंडानं सांगितलं तर जाणार नाहीस का? तो म्हणाला, जाईन की. पण मी एकटा गेलो तर नुसती फौज गेली. लोक दारात उभे राहून म्हणतील, आम्ही नाही येत, आणि मला त्यांच्या अंगाला हात लावता येणार नाही. तू लिहिलंस तर सरकार गेलं.

तिनं जीपच्या बॉनेटवर, वर त्याचा रेनकोट धरून, चार ओळी लिहिल्या. मी तो कागद नंतर वाचला. 'हुंबरवाडी, किलोमीटर तीन येथे यंत्रास ऐकू येत असलेला ठेका धावपथकाचा नाही. आज पथक धावलेले नाही. हा आवाज दुर्लक्षित करण्याचा आदेश माझा होता. दरडीचा धोका समजून अडतीस घरे तात्काळ रिकामी करणेस फौजेची मदत मागत आहे.' खाली सही, वेळ आणि त्याच दिवसाची तारीख. सही करून ती पहिल्या ट्रकात, ड्रायव्हरशेजारी चढली.

इकडं माझी पोरं उठून वरल्या वाडीत पोचली होती आणि काही उपयोग होत नव्हता. लोक फोन काढून हिरवी खूण दाखवत होते. मालूबाई गुरवांनी तर दारात पाट टाकून बसकण मारली. "मागल्या टायमाला कुकर टाकून पळालो, डाळ जळली," त्या म्हणाल्या. "आज फोन हिरवा हाय. मी न्हाई येत." मी फौजेतला आवाज लावला. मालूबाईंचे दोन मुलगे फौजेत, त्यांना त्या आवाजाचं काय कौतुक?

पावणेसहाला ट्रक आले. वैजू चिखलातून चालत देवळाच्या पायरीवर चढली. मला वाटलं, आता कलम सांगेल, दंड सांगेल. ती म्हणाली, "फोन हिरवा आहे तो माझ्या सहीमुळं. पाच ते सव्वासहा यंत्राला कान झाकायला मी सांगितलं होतं. ते ओरडतंय आणि मी त्याला गप्प बसवलंय. चूक माझी आहे. आत्ता चला, भांडायला मी शाळेत भेटते."

अधिकाऱ्यानं चूक माझी म्हटलेलं आमच्या वाडीनं कधी ऐकलं नव्हतं. मालूबाई उठल्या, आत जाऊन गॅस बंद केला, पाट भिंतीला टेकवून ठेवला. "आदी सांगायचं की गं," एवढं बोलून चालू लागल्या. त्या निघाल्या म्हटल्यावर वाडी निघाली.

मग जवानांनी काम हातात घेतलं. म्हातारी माणसं पाठीवर, पोरं खांद्यावर. एक बाळंतीण स्ट्रेचरवर आणि तिचं बाळ एका सरदारजी हवालदाराच्या रेनकोटात. माझ्या पोरापोरींना कुठल्या घरात कोण ऐकत नाही, कोण अंथरुणाला खिळलंय, सगळं पाठ होतं. त्यांनी दारं दाखवली, जवानांनी उचललं. गुरं सोडून दिली, ती आपली आपण खाली गेली. वैजू यादी घेऊन ओढ्यावरच्या साकवापाशी, म्हणजे छोट्या पुलापाशी, उभी राहिली आणि एकेकाचं नाव खोडत गेली. एकशे सत्त्याऐंशी नावं होती.

शेवटची तुकडी साकवावर आली तेव्हा सहा वाजून पाच मिनिटं झाली होती. खाली ओढा फुगलेला, साकव जुना. घाईत जवानांचे पाय आपोआप एका ठेक्यात पडायला लागले होते. इंद्यानं माझ्याकडं बघितलं, सरळ माझ्याकडंच, आणि खच्चून हुकूम दिला, "पाऊल मोडा!"

मी मान खाली घातली आणि वेडीवाकडी पावलं टाकत साकव ओलांडला.

सहा वाजून अकरा मिनिटांनी भैरीचा डोंगर खाली आला. आवाज फार मोठा नव्हता. झाडं उभीच्या उभी सरकली, मागून चिखल आला, आणि वरल्या वाडीतली तेवीस घरं दिसेनाशी झाली. देवळाची पायरी, जिथं वैजू उभी होती, तीही गेली. शाळेच्या पटांगणात माझ्या शेजारी मालूबाई हातातल्या फोनकडं बघत होत्या. खूण अजून हिरवीच होती. चार मिनिटांनी सगळ्यांचे फोन एकदम लाल झाले.

एकशे सत्त्याऐंशी माणसं होती, एकशे सत्त्याऐंशी राहिली.

फौज पुढं चार दिवस होती. रस्ता मोकळा केला, तंबू ठोकले, चिखलातून ट्रंका, फोटो, कुणाची पदकं काढून दिली. इंद्या घरापासून हाकेच्या अंतरावर राबत होता आणि घरी एकदाही आला नाही. शालन रोज बांधावर जाऊन त्याला लांबून बघायची आणि परत येऊन म्हणायची, वाळलाय. वैजूची चौकशी दुसऱ्याच दिवशी लागली. तिनं आपला जबाब आधीच लिहून ठेवला होता. त्यात माझ्या अर्जाचा उल्लेखच नव्हता.

ते मला कळलं. मी बसलो आणि दुसरा अर्ज लिहिला. 'मा. तहसीलदार यांस. एक, यंत्राचा कान झाकण्याचा हट्ट माझा होता, सबब कारवाई माझ्यावर व्हावी. दोन, मेजर तोडकर यांची तुकडी उद्या सकाळऐवजी संध्याकाळी मुक्त करावी, कारण त्यांच्या आईने त्यांना चार दिवस फक्त लांबून पाहिले आहे.' मी तो तिच्या ऑफिसात देऊन रीतसर शिक्का मारून घेतला.

दुसऱ्या दिवशी तो लाल शाईत परत आला. 'एक, नामंजूर. अर्ज कोणीही करू शकतो, सही माझी आहे. दोन, नामंजूर. काम संपल्यावर फौज गावात थांबत नाही.' दोन्ही उत्तरं बरोबर होती. मीच शिकवलेली होती. मी कागद घडी करून ट्रंकेत, त्या आंब्याच्या अर्जाशेजारी ठेवला, आणि शालनला म्हणालो, येणार नाही तो. तिनं मात्र चूल विझवली नाही.

साडेअकराला दारात जीप थांबली. मागं रस्त्यावर तुकडीचे ट्रक उभे होते, जवान त्यात बसून धपाटे खात होते. शालननं ते सकाळीच पोचवले होते, मला न विचारता. दोघं बहीणभाऊ उंबऱ्याबाहेर उभे राहिले, गुडघ्यापर्यंत चिखल. चौकशीचं काय होणार ते अजून ठरायचं होतं, बदली तरी नक्की होती, हे वैजूच्या चेहऱ्यावर दिसत होतं. तरी ती हसत होती. इंद्यानं खिशातून कागद काढून माझ्या हातात दिला.

'मा. आबा यांस, विनंती अर्ज. वाटेत वीस मिनिटे घरी जेवण्यास परवानगी मिळावी.' अक्षर इंद्याचं होतं. जन्मात पहिल्यांदा त्यानं करायच्या आधी अर्ज लिहिला होता. खाली दोघांच्या सह्या, आणि तारीख आजची.

लाल पेन माझ्या खिशालाच होतं. मी चाचपलं, पण समोरची अक्षरं मला नीट दिसेनात. आमच्या घरात तोंडी काही चालत नाही. त्या दिवशी चाललं.

"या," मी म्हणालो. "आत या दोघं."